२००६ स्टेट ऑफ ओरिजिन मालिकेचा निर्णायक सामना

२००६ स्टेट ऑफ ओरिजिन मालिकेचा तिसरा व निर्णायक सामना ५ जुलै, इ.स. २००६ रोजी ऑस्ट्रेलियातील मेलबर्न शहरातील टेल्स्ट्रा डोम या मैदानावर क्वीन्सलँड आणि न्यू साउथ वेल्स या दोन राज्यांच्या रग्बी लीग संघांदरम्यान खेळला गेला. क्वीन्सलँडने हा सामना १६-१४ असा जिंकला व त्याबरोबर तीन सामन्यांची मालिकाही २-१ अशी आपल्या नावावर केली. सामन्याची अखेरची दहा मिनिटे सुरू झाली तेव्हा न्यू साउथ वेल्सकडे १४-४ अशी आघाडी होती. सलग चौथे विजेतेपद त्या संघाच्या हाताशी आले होते आणि तोवर कोणत्याही राज्याला ते साधले नव्हते. क्वीन्सलँडने उरलेल्या वेळात बारा गुण मिळवले. त्यांतील शेवटचे सहा गुण न्यू साउथ वेल्सचा फुलबॅक ब्रेट हॉजसन याच्या हातून सुटलेल्या एका चुकीच्या पासमुळे मिळाले. हा चेंडू उचलून ट्राय करणारा क्वीन्सलँडचा कर्णधार डॅरेन लॉकियर पुढे मालिकेतील सर्वोत्तम खेळाडू ठरला.

क्वीन्सलँडच्या २००६ ते २०१३ या सलग आठ मालिका विजयांपैकी हा पहिला विजय होय.

खेळाविषयी

रग्बी लीग हा खेळ १८९५ साली इंग्लंडमध्ये रग्बी युनियनपासून फुटून निघाला. भारतात, विशेषतः मुंबईतील जिमखान्यांच्या मैदानांवर, जो रग्बी पूर्वापार खेळला जातो तो युनियन प्रकारचा आहे. त्यामुळे लीगचे काही नियम माहीत असल्याशिवाय या सामन्याचा शेवट समजणे कठीण जाते.

लीगमध्ये प्रत्येक संघात तेरा खेळाडू असतात. चेंडू ज्या संघाकडे असेल त्याला सहा वेळा पकडले जाईपर्यंत चढाई करता येते. सहाव्या पकडीनंतर चेंडू प्रतिस्पर्ध्याला द्यावा लागतो. त्यामुळे साधारणतः पाचव्या पकडीनंतर संघ चेंडू लाथेने दूर मारून प्रतिस्पर्ध्याला त्याच्याच गोलरेषेकडे रेटतो. प्रत्येक पकडीनंतर पकडलेला खेळाडू उभा राहून चेंडू जमिनीवर ठेवतो आणि पायाने मागे सरकवतो. त्याच्या पाठीमागे उभा असलेला सहकारी, ज्याला डमी हाफ म्हणतात, तो चेंडू उचलून स्वतः धावतो किंवा बाजूच्या खेळाडूकडे पास देतो. हे काम बहुधा हुकर या स्थानावरील खेळाडू करतो. मात्र प्रतिस्पर्ध्याची लाथ झेलून संघ आपल्या गोलरेषेजवळून चढाई सुरू करतो तेव्हा फुलबॅक व विंगर हेच बरेचदा डमी हाफच्या जागी येतात. पुढच्या फळीतील धिप्पाड खेळाडूंना माघारी यायला वेळ लागतो व त्यांना क्षणभर दमही घेता येतो, हे त्यामागचे कारण.

प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे चेंडू जमिनीवर टेकवल्यास ट्राय होते व तिचे चार गुण मिळतात. त्यानंतर ट्राय जिथे झाली त्या जागेच्या सरळ रेषेतून गोलखांबांमध्ये चेंडू मारता आला तर आणखी दोन गुण मिळतात. म्हणूनच ट्राय मैदानाच्या कोपऱ्यात झाली की मध्यभागी, याला मोठे महत्त्व असते. दंडाच्या किकचेही दोन गुण असतात, तर चालू खेळात मारलेल्या फील्ड गोलचा त्या काळी एक असे.

मालिकेची पार्श्वभूमी

न्यू साउथ वेल्स व क्वीन्सलँड यांच्यात रग्बी लीगचे सामने १९०८ पासून होत आले आहेत. सुरुवातीची अनेक दशके खेळाडू ज्या राज्यातील क्लबकडून खेळत असेल त्या राज्याचे प्रतिनिधित्व तो करीत असे. न्यू साउथ वेल्समधील क्लबांना १९५६ साली पैसे टाकून खेळण्याच्या जुगार यंत्रांना परवानगी मिळाली आणि सिडनीच्या क्लबांची आर्थिक ताकद झपाट्याने वाढली. क्वीन्सलँडचे उत्तमोत्तम खेळाडू सिडनीत जाऊ लागले व नंतर आपल्याच जन्मराज्याविरुद्ध मैदानात उतरू लागले. क्वीन्सलँडने १९५९ नंतर या जुन्या पद्धतीत एकही मालिका जिंकली नाही. सामने एकतर्फी होत गेले, प्रेक्षक घटले, आणि सत्तरच्या दशकाच्या अखेरीस ही स्पर्धा टिकेल की नाही असा प्रश्न उभा राहिला.

यावर तोडगा म्हणून खेळाडूने मूळ ज्या राज्यातून आपल्या खेळाची सुरुवात केली त्या राज्याकडून त्याला खेळवावे, ही कल्पना पुढे आली. तिचा पाठपुरावा करणाऱ्यांत क्वीन्सलँड रग्बी लीगचे अध्यक्ष व सिनेटर रॉन मॅकऑलिफ हे अग्रभागी होते. ८ जुलै, इ.स. १९८० रोजी ब्रिस्बेनच्या लँग पार्कवर असा पहिला सामना झाला. क्वीन्सलँडचा कर्णधार आर्थर बीटसन त्या वेळी पस्तीस वर्षांचा होता. क्वीन्सलँडमधील रोमा या गावात वाढलेल्या बीटसनने तोवर न्यू साउथ वेल्सकडूनच आंतरराज्य सामने खेळले होते. क्वीन्सलँडने सामना २०-१० असा जिंकला. त्या दिवशी आपला विसावा वाढदिवस असलेल्या मॅल मेनिंगा या तरुणाने सातपैकी सातही किक गोलखांबांतून मारल्या. हाच मेनिंगा २००६ मध्ये क्वीन्सलँडचा प्रशिक्षक म्हणून परतला.

१९८२ पासून तिन्ही सामने याच नियमाने होऊ लागले. क्वीन्सलँडचा संघ गर्द किरमिजी रंगामुळे मरून्स, तर न्यू साउथ वेल्सचा संघ आकाशी रंगामुळे ब्लूज या नावाने ओळखला जातो. दोन्ही राज्यांतील लोक परस्परांना चिडवताना क्वीन्सलँडवासीयांना उसाच्या मळ्यांतील भेक आणि न्यू साउथ वेल्सवासीयांना झुरळे म्हणतात. ही नावे आता दोघांनीही आनंदाने अंगी लावून घेतली आहेत.

२००६ पूर्वीची स्थिती

न्यू साउथ वेल्सने २००३, २००४ आणि २००५ या तिन्ही मालिका जिंकल्या होत्या. सलग तीन मालिका जिंकण्याचा पराक्रम यापूर्वीही झाला होता: क्वीन्सलँडने १९८२ ते १९८४ व १९८७ ते १९८९, तर न्यू साउथ वेल्सने १९९२ ते १९९४ या काळात तो केला होता. चौथी मालिका मात्र दर वेळी निसटली होती. २००५ चा तिसरा सामना न्यू साउथ वेल्सने ब्रिस्बेनमध्ये, क्वीन्सलँडच्या घरच्या मैदानावर, ३२-१० अशा फरकाने जिंकल्यामुळे २००६ मध्ये हा खंड पडण्याची शक्यता बरीच बळावली होती.

या शक्यतेचे दुसरे अंग अधिक गंभीर होते. स्टेट ऑफ ओरिजिनचा जन्मच मुळी एका राज्याच्या एकतर्फी वर्चस्वावर उपाय म्हणून झाला होता. जनसंख्येने व क्लबांच्या संख्येने मोठे असलेले न्यू साउथ वेल्स पुन्हा वर्षानुवर्षे जिंकू लागले तर लोकांना या सामन्यांत रस उरेल का, अशी चर्चा ऑस्ट्रेलियन वृत्तपत्रांत सुरू झाली होती. एका मालिकेच्या पराभवाने ही स्पर्धा खरोखर लयाला गेली असती असे मानणे अतिशयोक्तीचे ठरेल. परंतु क्वीन्सलँडच्या संघावर ही चर्चा ओझ्यासारखी होती, हे खरे.

दोन्ही संघांनी २००६ साठी प्रशिक्षक बदलले. क्वीन्सलँडने मायकेल हेगन यांच्या जागी मेनिंगा यांना नेमले. न्यू साउथ वेल्सची सूत्रे रिकी स्टुअर्ट यांच्याकडून ग्रॅहम मरे यांच्याकडे आली. मरे त्या काळात नॉर्थ क्वीन्सलँड काउबॉइज या क्लबचे प्रशिक्षक होते. म्हणजे हंगामभर ते क्वीन्सलँडच्याच टाउन्सव्हिल शहरात राहून काम करीत, आणि क्वीन्सलँडचा हाफबॅक जॉनथन थर्स्टन हा त्यांच्याच क्लबचा खेळाडू होता.

न्यू साउथ वेल्सपुढे दोन महत्त्वाच्या जागा भरण्याचा प्रश्न होता. २००५ ची मालिका फिरवणाऱ्या अँड्र्यू जॉन्सने प्रातिनिधिक सामन्यांतून निवृत्ती घेतली होती. त्याच मालिकेत सर्वोत्तम ठरलेला फुलबॅक अँथनी मिनिकिएलो पाठीच्या दुखापतीमुळे खेळू शकत नव्हता. फुलबॅकची जागा वेस्ट्स टायगर्सच्या ब्रेट हॉजसनला मिळाली. अंगाने किरकोळ पण अतिशय चपळ असलेला हॉजसन २००५ च्या क्लब हंगामात सर्वाधिक गुण मिळवणारा खेळाडू होता व त्याच वर्षी टायगर्सने अंतिम सामन्यात काउबॉइजला हरवून विजेतेपद पटकावले होते. ओरिजिनच्या इतिहासात त्याचे नाव तोवर एका वेगळ्याच प्रसंगासाठी घेतले जाई. २००२ च्या तिसऱ्या सामन्यात क्वीन्सलँडचा धिप्पाड गॉर्डन टॅलिस याने त्याला गळपट्टीला धरून अक्षरशः फरपटत मैदानाबाहेर नेले होते.

पहिले दोन सामने

पहिला सामना २४ मे रोजी सिडनीत झाला. मेनिंगा यांनी क्वीन्सलँडच्या संघात अनेक नवोदितांना संधी दिली होती. त्यांतील ग्रेग इंगलिसने पदार्पणातच दोन ट्राय केल्या. इंगलिसचा जन्म न्यू साउथ वेल्समध्ये झालेला असल्याने तो क्वीन्सलँडकडून कसा खेळू शकतो, हा वाद त्या दिवसापासून जो सुरू झाला तो त्याच्या निवृत्तीनंतरही पुरता मिटलेला नाही. सामना १६-१६ असा बरोबरीत असताना शेवटच्या काही मिनिटांत न्यू साउथ वेल्सच्या ब्रेट फिंचने फील्ड गोल मारला आणि ब्लूज १७-१६ असे जिंकले. फिंच हा मूळ निवडीत नव्हता. इतरांच्या दुखापतींमुळे त्याला ऐनवेळी बोलावण्यात आले होते.

एका गुणाच्या या पराभवानंतर क्वीन्सलँडमध्ये टीकेचा रोख कर्णधार लॉकियरकडे वळला. २००४ साली फुलबॅकची जागा सोडून तो फाइव्ह-एट या स्थानावर खेळू लागला होता. नव्या जागेवर तो संघाला सामने जिंकून देऊ शकेल का, आणि कर्णधारपद त्याच्याकडे राहावे का, असे प्रश्न उघडपणे विचारले गेले. १४ जून रोजी ब्रिस्बेनच्या सनकॉर्प स्टेडियमवर, म्हणजेच जुन्या लँग पार्कवर, क्वीन्सलँडने दुसरा सामना ३०-६ असा सहज जिंकला. त्यात लॉकियर सामनावीर ठरला. याच सामन्यात कॅनबेरा रेडर्सचा विंगर अ‍ॅडम मॉग याने पदार्पण केले. त्याची निवड बहुतेकांना अनपेक्षित होती. त्याने दोन ट्राय करून उत्तर दिले.

मालिका १-१ अशी बरोबरीत आली आणि मेलबर्नचा सामना निर्णायक ठरला.

मैदान

मेलबर्न हे व्हिक्टोरिया राज्याची राजधानी असल्याने हा सामना दोन्ही संघांसाठी परक्या भूमीवर होता. या शहरात लोकांचे प्रेम ऑस्ट्रेलियन रूल्स फुटबॉल या वेगळ्याच खेळावर आहे. टेल्स्ट्रा डोम हे सरकते छप्पर असलेले मैदानही त्याच खेळासाठी मुख्यतः वापरले जाते. मेलबर्नमध्ये ओरिजिनचे सामने नव्वदच्या दशकात मेलबर्न क्रिकेट मैदानावर झाले होते. १९९४ मध्ये तेथे ८७ हजारांहून अधिक प्रेक्षक जमले होते. टेल्स्ट्रा डोमवर मात्र हा पहिलाच ओरिजिन सामना होता. त्याला ५४,८३३ प्रेक्षक उपस्थित होते. मेलबर्नला १९९८ पासून मेलबर्न स्टॉर्म हा स्वतःचा रग्बी लीग क्लब होता आणि क्वीन्सलँडचा हुकर कॅमेरॉन स्मिथ याच क्लबचा खेळाडू असल्याने निदान त्याच्यासाठी तरी हे शहर परके नव्हते.

सामना

न्यू साउथ वेल्सचे नेतृत्व हुकर डॅनी ब्युडेरस, तर क्वीन्सलँडचे लॉकियर करीत होता. गुणांचे खाते क्वीन्सलँडने उघडले. मॉगने कोपऱ्याकडे झेप घेत ट्राय केली. दोन सामन्यांतील ही त्याची तिसरी ट्राय होती. कोपऱ्यातून मारावी लागलेली किक मात्र गोलखांबांत गेली नाही आणि क्वीन्सलँडचे गुण चारच राहिले. त्यानंतर बराच काळ त्या गुणांत भर पडली नाही. न्यू साउथ वेल्सने आपली पकड हळूहळू घट्ट करीत आघाडी घेतली व ती १४-४ पर्यंत वाढवली.

दहा गुणांच्या या अंतराचा अर्थ लक्षात घेण्यासारखा आहे. दोन ट्राय व एक यशस्वी किक मिळून दहा गुण होतात. तेवढ्याने बरोबरी झाली असती आणि सामना जादा वेळेत गेला असता. त्या वेळच्या नियमानुसार जादा वेळेत जो संघ पहिला गुण मिळवील तो विजयी ठरे. नियमित वेळेतच जिंकायचे तर क्वीन्सलँडला दोन ट्राय करून दोन्ही किक गोलखांबांतून माराव्या लागणार होत्या, आणि दरम्यान प्रतिस्पर्ध्याला एकही गुण मिळू द्यायचा नव्हता. साऱ्या सामन्यात एकच ट्राय करू शकलेल्या संघाने हे सुमारे दहा मिनिटांत करून दाखवायचे होते.

पहिली वाट थर्स्टनने काढली. क्वीन्सलँड आपल्याच मैदानार्धात असताना तो बचावफळीतील फट हेरून आत शिरला व त्याने चेंडू ब्रेंट टेटकडे दिला. टेट मागे वळून न पाहता गोलरेषेपर्यंत धावत गेला. मानेच्या जुन्या गंभीर दुखापतीमुळे टेट त्या काळात मानेभोवती संरक्षक पट्टा बांधून खेळत असे; पाठलाग करणाऱ्या निळ्या जर्सींच्या पुढे धावणारी ती आकृती क्वीन्सलँडच्या प्रेक्षकांना चांगलीच स्मरणात राहिली. थर्स्टनची किक यशस्वी झाली आणि गुणफलक १४-१० झाला.

सामना संपायला सुमारे पाच मिनिटे उरली होती तेव्हा चेंडू न्यू साउथ वेल्सकडे, त्यांच्याच मैदानार्धात, होता. चार गुणांची आघाडी असलेल्या संघाला अशा वेळी फार काही करायचे नसते. एकेक पकड सोसत थोडे पुढे सरकायचे, पाचव्या पकडीनंतर चेंडू दूर मारायचा आणि घड्याळ चालू द्यायचे, एवढेच. डमी हाफच्या जागी हॉजसन आला होता. त्याने चेंडू उचलला व बाजूला पास दिला. पण ज्या दिशेने तो दिला तेथे तो घेण्यास कोणीही तयार नव्हते. चेंडू जमिनीवर आदळून उसळला. समोरच्या फळीतून पुढे आलेल्या लॉकियरने तो धावता धावताच उचलला. गोलरेषा जवळच होती आणि मध्ये अडवणारा कोणी उरला नव्हता. तो सरळ आत गेला. १४-१४ अशी बरोबरी झाली आणि थर्स्टनने किक मारून क्वीन्सलँडला १६-१४ असे पुढे नेले.

उरलेल्या मिनिटांत न्यू साउथ वेल्सला गुण मिळवता आले नाहीत.

त्या पासविषयी

सामन्याच्या नंतरच्या बहुतेक वर्णनांत हॉजसनचा पास हाच केंद्रस्थानी असतो व ते स्वाभाविकही आहे. तरीही सगळा निकाल त्या एका चुकीच्या नावे मांडणे पुरेसे नाही. टेटच्या ट्रायमध्ये न्यू साउथ वेल्सची अशी कोणतीही ढोबळ चूक नव्हती. ती क्वीन्सलँडने स्वबळावर मिळवलेली होती, आणि ती झाली नसती तर हॉजसनच्या पासने आघाडी केवळ कमी झाली असती. शिवाय लॉकियर त्या जागी होता हा निव्वळ योगायोग नव्हता. बचाव करणारा संघ प्रत्येक पकडीनंतर फळी धरून पुढे सरसावतो. थकलेला संघ हे सरसावणे शेवटच्या मिनिटांत सोडून देतो. चेंडू सुटला त्या क्षणी क्वीन्सलँडचा कर्णधार त्याच्यापासून दोन-चार पावलांवर होता, कारण पंच्याहत्तर मिनिटांनंतरही तो ते काम टाळत नव्हता. प्रशिक्षणवर्गांत आजही या प्रसंगाचा उपयोग पास देणाऱ्यापेक्षा फळीतून पुढे येणाऱ्याच्या दृष्टीने अधिक व्हायला हवा.

हॉजसन मात्र न्यू साउथ वेल्सकडून पुन्हा खेळला नाही. क्लबच्या सामन्यांत त्याची कामगिरी पुढेही उत्तम राहिली. २००९ मध्ये तो इंग्लंडमधील हडर्सफील्ड जायंट्स या क्लबकडे गेला आणि पहिल्याच हंगामात सुपर लीगमधील सर्वोत्तम खेळाडूस दिला जाणारा मॅन ऑफ स्टील हा पुरस्कार त्याने पटकावला. रग्बी लीगचा जन्म १८९५ साली ज्या सभेत झाला ती याच हडर्सफील्ड गावातील एका हॉटेलात भरली होती. खेळाडू म्हणून निवृत्त झाल्यावर हॉजसन प्रशिक्षणाकडे वळला व हल एफसी या क्लबचा मुख्य प्रशिक्षक झाला.

पुरस्कार

टेटला सामनावीर म्हणून निवडण्यात आले. मालिकेतील सर्वोत्तम खेळाडूसाठी असलेले वॉली लुईस पदक लॉकियरला मिळाले. महिनाभरापूर्वी ज्याच्या कर्णधारपदावर प्रश्नचिन्ह होते त्या लॉकियरसाठी २००६ हे वर्ष असामान्य ठरले. ऑक्टोबरमध्ये त्याच्या नेतृत्वाखाली ब्रिस्बेन ब्रॉन्कोजने मेलबर्न स्टॉर्मला १५-८ असे हरवून क्लब विजेतेपद मिळवले. नोव्हेंबरमध्ये त्रिराष्ट्रीय स्पर्धेच्या अंतिम सामन्यात न्यूझीलंडविरुद्ध जादा वेळेत विजयी ट्राय त्यानेच केली. वर्षातील जागतिक सर्वोत्तम खेळाडूचा गोल्डन बूट हा सन्मानही त्याला मिळाला.

मॉगची कथा निराळी आहे. दोन सामने आणि तीन ट्राय एवढीच त्याची ओरिजिन कारकीर्द. पुढच्या वर्षी तो फ्रान्समधील कॅटलान्स ड्रॅगन्स या क्लबकडे निघून गेला.

परिणाम

या विजयानंतर क्वीन्सलँडने २०१३ पर्यंत एकही मालिका गमावली नाही. चार मालिका सलग जिंकण्याचा जो मान २००६ मध्ये न्यू साउथ वेल्सपासून दहा मिनिटांवर होता तो २००९ मध्ये क्वीन्सलँडनेच मिळवला आणि नंतर तो आकडा आठपर्यंत नेला. लॉकियर, स्मिथ, थर्स्टन, इंगलिस आणि पुढे आलेले बिली स्लेटर व कूपर क्रॉंक यांच्या पिढीचा हा काळ मानला जातो.

आठ विजयांची ही रांग दुरून पाहता अभेद्य वाटते. जवळून पाहता तशी ती नव्हती. त्यांतील २००६, २००८, २०११, २०१२ आणि २०१३ या पाच मालिका तिसऱ्या सामन्यापर्यंत लांबल्या. २००८ चा निर्णायक सामना क्वीन्सलँडने १६-१० असा, २०१२ चा २१-२० असा आणि २०१३ चा १२-१० असा जिंकला. २०१२ मध्ये क्रॉंकने दूरवरून मारलेल्या फील्ड गोलचा एक गुणच निर्णायक ठरला. अखेर २०१४ मध्ये न्यू साउथ वेल्सने दुसरा सामना ६-४ असा जिंकून मालिका घेतली व क्वीन्सलँडची रांग तुटली. क्वीन्सलँडने पुढे २०१५, २०१६ व २०१७ च्या मालिका जिंकल्याने बारा वर्षांत अकरा विजेतेपदे त्यांच्याकडे गेली.

स्पर्धेच्या भवितव्याविषयीची चिंता या काळात उलट बाजूने व्यक्त होऊ लागली. पूर्वी क्वीन्सलँडच्या दुबळेपणाबद्दल बोलणारे आता न्यू साउथ वेल्सच्या अपयशाबद्दल आणि इंगलिससारख्या खेळाडूंच्या पात्रतेबद्दल बोलत. पात्रतेचे नियम २०१२ च्या अखेरीस अधिक काटेकोर करण्यात आले. मात्र लोकांचा रस आटला नाही. सलग पराभवांमुळे सिडनीत सामन्यांचे महत्त्व कमी होण्याऐवजी वाढल्याचेच दिसले.

मेनिंगा २०१५ पर्यंत क्वीन्सलँडचे प्रशिक्षक राहिले. त्यांच्या दहा मालिकांपैकी नऊ क्वीन्सलँडने जिंकल्या. ग्रॅहम मरे यांनी २००७ च्या मालिकेनंतर न्यू साउथ वेल्सचे प्रशिक्षकपद सोडले. २०१३ मध्ये त्यांचे निधन झाले. लॉकियरने २०११ च्या निर्णायक सामन्यात ब्रिस्बेनमध्ये ओरिजिनचा निरोप घेतला. तो त्याचा ३६ वा ओरिजिन सामना व तेव्हाचा विक्रम होता. नंतर कॅमेरॉन स्मिथने ४२ सामने खेळून तो मोडला. टेल्स्ट्रा डोमचे नाव त्यानंतर एकाहून अधिक वेळा बदलले असून २०१८ पासून ते मार्व्हल स्टेडियम या नावाने ओळखले जाते.